आमच्या गल्लीतला पाकिस्तानी

आमच्या गल्लीत इतकी वर्षं एकच माणूस असा होता, ज्याच्याकडे आपण कोण आहोत याचे सगळे कागद होते. बाकी आम्ही नुसतेच राहत होतो. त्याचं नाव टेकचंद. धंदा कटपीस कापडाचा. मुक्काम आर्णी-माहूर रस्त्यावरचं आमचं बाजाराचं गाव. गावाचं नाव मुद्दाम लिहीत नाही, उगाच कोणाची तरी चौकशी पुन्हा सुरू व्हायची.

टेकचंदवर माझी एक तक्रार आहे. ती मी अजून मागे घेतलेली नाही आणि घेणारही नाही. पण माणूस कसा होता ते आधी सांगतो, म्हणजे तक्रार कळेल.

मी ताडपत्री आणि दोराचा धंदा करतो. सायकलवर गठ्ठे बांधून सुरुवात केली, आज दोन मजली दुकान आहे. हे बापाच्या जिवावर झालेलं नाही, भाव पाडून झालं आहे. नागपूरचे ठोक व्यापारी मला पाहिलं की आधी पंखा लावतात, मग पाणी मागवतात, कारण त्यांना माहीत असतं की बसणं लांबणार. असा मी, पहिल्यांदा टेकचंदच्या दुकानात शर्टाचा तुकडा घ्यायला गेलो. त्यानं भाव सांगितला. मी निम्म्यावर आलो. तो हसला. मी थोडा वर गेलो. तो हसलाच. मी उठलो, पायऱ्या उतरलो, पान खाल्लं, परत आलो. हा तिथेच, तसाच हसत. शेवटी त्यानं सांगितलेला भाव देऊन मी मोकळा झालो. तेव्हा त्यानं कात्री उचलली आणि मापापेक्षा वीतभर जास्त कापड कापून दिलं.

मी म्हटलं, "हे काय सेठ? एवढंच द्यायचं होतं तर भाव कमी करता नाही आला?"

"कपडा जितना बोलो उतना बढ़ा दूंगा, गजूभाऊ. बोली हुई बात नहीं बदलूंगा."

"काहून?"

"आदत लग गई."

ही सवय कुठून लागली ते मला पुढे कळलं. टेकचंदला दर थोड्या दिवसांनी कोणीतरी साहेब तेच ते प्रश्न विचारत असे. कुठून आला, कधी आला, कशासाठी आला, परत कधी जाणार. उत्तर मागच्या वेळेपेक्षा शब्दानं जरी वेगळं आलं तरी साहेबाची मान वर व्हायची. म्हणून तो माणूस आयुष्यभर एकच गोष्ट एकाच शब्दांत सांगत राहिला. बायको जसोदाभाभींनी विचारलं, भाजी कशी झाली, तरी ठरलेलं उत्तर द्यायचा. भाभी चिडायच्या, "मैं क्या इंस्पेक्टर हूँ?"

तो जेकबाबादकडचा. तिकडच्या सिंधमधला. तीर्थयात्रेचा व्हिसा काढून नवरा-बायको आले आणि इथेच राहिले. आमच्याकडे त्याचा लांबचा मावसभाऊ होता, तो वर्षभरात वारला आणि हा उरला. सरकारनं त्याला लांब मुदतीचा व्हिसा दिला आणि सांगितलं की याच गावात राहायचं. गाव सोडायचं तर परवानगी. म्हणजे सरकारनं अख्ख्या भारतातून निवडून त्याला जे गाव दिलं ते आमचं. उन्हाळ्यात इथं डांबर वितळतं. मे महिन्यात आम्ही कूलरसमोर मेल्यासारखे पडलेले असायचो आणि टेकचंद भर दुपारी ओट्यावर बसून गरम चहा प्यायचा. "मौसम अच्छा है," म्हणायचा. मला वाटायचं, चिडवतो आहे. नाही. आमच्याहून जास्त तापणाऱ्या जेकबाबादच्या माणसाला खरंच बरं वाटत होतं.

त्याचं एक ठरलेलं वाक्य होतं: "उधर से तो ठीक है." दिवसभर वीज गेली, उधर से तो ठीक है. रस्ता खणून ठेवला आणि ठेकेदार पळाला, उधर से तो ठीक है. एकदा बाजारात माझी आणि नगरसेवकाची जुंपली. मी तावातावानं सांगत होतो की या देशात माणसानं राहावं तरी कसं, आणि हा बाजूला उभा राहून म्हणतो, "उधर से तो..." मी म्हटलं, "सेठ, आता तुमचं तोंड धरीन."

खुर्चीवर तो कधी पूर्ण बसला नाही. टोकावर बसायचा, उठ म्हटलं की उठता यावं असा. सरकारी ऑफिसात ठीक, माझ्या दुकानातही तसाच. मी म्हणायचो, "आरामात बसा जी, खुर्ची माझी आहे, सरकारची नाही." तो इंचभर मागे सरकायचा आणि मी दुसरीकडे पाहिलं की परत पुढे. वर्गणी कोणीही मागो, देवीवाले, उरुसवाले, जयंतीवाले, आत्ता निवडून आलेले, आत्ता पडलेले, सगळ्यांना द्यायचा आणि वर "मेहरबानी" म्हणायचा. आम्ही वर्गणीवाले दिसले की शटर ओढणारी माणसं. आमच्यात हा असा.

परवानगीचा किस्सा ऐका. अमरावतीला त्याच्या मेव्हणीच्या मुलीचं लग्न होतं. त्यानं चांगलं आधीपासून अर्ज दिला. अर्ज इथून तिथे गेला, तिथून अजून तिथे गेला. लग्न लागलं. मांडव उतरला. नवरी माहेरपणाला येऊन सासरी परत गेली. तेव्हा परवानगी आली. टेकचंदनं इस्त्रीचे कपडे घातले आणि निघाला.

मी म्हटलं, "आता कायले जाता? लगन होऊन गेलं."

"जाना पड़ेगा, गजूभाऊ. नहीं गया तो अगली बार पूछेंगे, पिछली बार गया नहीं, फिर माँगी क्यों थी?"

गेला. मेव्हणीच्या घरी चाट पडले. रिकाम्या अंगणात खुर्चीच्या टोकावर बसून जेवला, आहेर दिला आणि मुदतीच्या आत परत आला. गल्लीत सगळ्यांना शिळे लाडू वाटले. विचारलं, लग्न कसं झालं? म्हणाला, "अच्छा हुआ होगा."

पुढे नियम थोडे सैल झाले. पण खरी गोष्ट राहिलीच. त्याला नागरिकत्व पाहिजे होतं. ते मिळेपर्यंत त्याचा पासपोर्ट ज्या देशातून तो निघून आला त्याच देशाकडून पुन्हा पुन्हा नवा करून घ्यावा लागायचा. म्हणजे ज्या घरातून पळून आलात त्याच घरमालकाकडून दर थोड्या वर्षांनी शिफारसपत्र आणा. आणि इकडे व्हिसाची मुदत संपत आली की जसोदाभाभींचं जेवण कमी व्हायचं. वाढवून मिळाली की त्या शिरा करायच्या. त्यांच्या घरी शिरा शिजला की गल्लीला कळायचं, पुढची मुदत मिळाली. भाभी मला एकदा म्हणाल्या, "भैया, एक दिन बिना वजह शिरा बनाना है."

मध्ये सरकारनं काही जिल्ह्यांच्या कलेक्टरांना अधिकार दिला, की अशा लोकांना तुम्हीच नागरिक करून टाका. यादीत नागपूर होतं. यवतमाळ नव्हतं. कोणीतरी टेकचंदला शहाणपण शिकवलं, नागपूरला राहायला जा. चांगला सल्ला. फक्त नागपूरला राहायला जायचं तर परवानगी लागत होती.

मग तिकडून आलेल्या टेकचंदसारख्यांना नागरिक करून घ्यायचा नवा कायदा आला. टीव्हीवर दोन्ही बाजूंची माणसं घसा फाटेस्तोवर भांडत होती. ज्या माणसाबद्दल भांडत होती, तो आमच्या गल्लीत लुंगीचं कापड मोजत होता. त्या दिवसांत झेरॉक्सच्या दुकानात मी एक देखावा पाहिला. टेकचंद आणि समोरचा रशीदभाई मेकॅनिक एकामागे एक उभे. टेकचंद आपण बाहेरचे आहोत हे दाखवायला कागद काढून घेत होता आणि रशीदभाई आपण इथले आहोत हे दाखवायला. दोघं एकमेकांना "पहले आप" करत होते. झेरॉक्सवाल्याचा धंदा त्या वर्षी जोरात झाला.

या दोघांची दोस्ती जुनी. टेकचंदला मराठी-हिंदी बोलता यायचं, पण वाचायला त्याला उजवीकडून डावीकडे लागायचं. तिकडे सिंधी तशीच लिहितात. म्हणून तो रशीदभाईकडे येणारा उर्दू पेपर वाचायला गॅरेजमध्ये बसायचा, आणि दोघं मिळून दोन्ही देशांना शिव्या न देता बातम्या वाचायचे. असे वाचक मी दुसरे पाहिले नाहीत.

अर्ज भरायला मीच वकिलाकडे घेऊन गेलो. एक भारतीय भाषा येते का, असं विचारलं होतं. टेकचंद म्हणाला, "सिंधी." वकिलाचा पोरगेला कारकून म्हणाला, "भारतीय विचारली आहे." वकिलानं पुस्तक काढून दाखवलं, घटनेतल्या यादीत सिंधी आहे. प्रांत तिकडे राहिला, भाषा इकडे आली. निदान तिला तरी परवानगी लागली नाही.

मग पाहिजे होता एक भारतीय नागरिक, जो शपथेवर सांगेल की हा माणूस चांगला आहे. मी म्हटलं, लिहा, गजानन, ताडपत्रीवाले. वकील म्हणाला, "तुम्ही भारतीय आहात याचा पुरावा?"

मी आधार कार्ड टाकलं. "हे चालत नाही, हा राहण्याचा पुरावा." मी मतदान कार्ड टाकलं. "चालेल कदाचित. शाळेचा दाखला नाही का?" शाळा मी चौथीत सोडली आणि शाळेनं मला त्याआधीच सोडलं होतं. मला जो राग आला! मी टेबलावर हात आपटला. "अरे, मी नाई तर कोण भारतीय? या गावातल्या अर्ध्या छतांवर माझी ताडपत्री आहे!" टेकचंद मला खाली बसवत होता, "शांत, गजूभाऊ, शांत, मेरे पास सब है." त्याच्याकडे होतं. तो परदेशी असल्याचा गठ्ठाभर पुरावा होता. माझ्याकडे मी देशी असल्याचं एक कार्ड, त्यावर फोटो असा की पोलिसांनी बघता क्षणी पकडावं.

तर अर्ज गेला. आता मुख्य गोष्ट.

चौकशीचे साहेब यायचे होते. शेजारीपाजारी विचारणार, हा माणूस कोण, कधीपासून राहतो, वागतो कसा. झालं असं, की त्याच्या थोडंच आधी टीव्हीवर सुरू झालं की तिकडून आलेल्या लोकांना परत पाठवून राहिले. त्यात टेकचंदसारखे लांब मुदतीच्या व्हिसावाले नव्हते. पण टीव्ही एवढं बारीक कुठं सांगतो? गल्ली घाबरली. आणि नेमका मी त्या दिवशी मालासाठी नागपूरला.

साहेब साध्या कपड्यात आले. आधी पानठेल्यावर. नीळकंठ पानवाल्यानं ओळखलं की हे टेकचंदला न्यायला आले. त्यानं छाती पुढे काढली.

"टेकचंदसेठ? अजी साहेब, हे इथलेच. यायच्या बापानं माह्या बापाले लगनाचं धोतर देल्लं."

"म्हणजे जुने आहेत?"

"जुने? गाव बसलं तवाचे."

साहेब पुढे गेले. भाजीवाली सखूबाई म्हणाली, "मी नवरी होऊन आली तवा सेठजीच्या मायनंच मले ओवाळलं." सेठजीची माय जेकबाबादला वारली होती. तिला आमचं गाव कोणत्या दिशेला आहे हेसुद्धा माहीत नसेल. मग रशीदभाई. साहेबांनी विचारलं, हा उर्दू पेपर वाचतो म्हणे, कसं काय? रशीदभाईनं क्षणाचाही विचार केला नाही. "साहेब, हम दोनों यहीं की उर्दू शाळा में साथ पढ़े."

सगळ्यांनी जबाबावर सह्या केल्या. साहेब गेल्यावर गल्लीत पेढे वाटले म्हणतात. टेकचंद घरात, खुर्चीच्या टोकावर, साहेब येतील म्हणून वाट पाहत बसला होता. त्याला कोणी सांगितलंच नाही. माणूस वाचवल्यावर त्याला कशाला त्रास द्यायचा?

काही आठवड्यांनी वरून कागद आला. टेकचंद तो घेऊन माझ्या दुकानात आला. त्यात लिहिलं होतं की स्थानिक लोकांच्या जबाबांवरून अर्जदार पिढ्यान्‌पिढ्या याच गावचा रहिवासी असल्याचे दिसून येते, सबब अर्जात व यापूर्वी दिलेली माहिती खोटी आहे किंवा कसे, याचा खुलासा करावा. खुलासा समाधानकारक नसल्यास अर्ज नामंजूर होईल, आणि व्हिसाबाबतही विचार करण्यात येईल.

पंचवीस वर्षं शब्द न बदललेला माणूस. त्याच्यावर खोटं बोलल्याचा ठपका.

त्यानं कागदाची घडी केली. मग म्हणाला, "गजूभाऊ, इन लोगों ने मुझे हिंदुस्तानी बना दिया. अब मैं हिंदुस्तानी नहीं बन सकता."

मी पहिल्यांदा नीळकंठच्या ठेल्यावर गेलो. जे बोललो ते छापता येणार नाही. तो रडकुंडीला आला. "भाऊ, मी तं चांगल्यासाठीच केलं. कोणी घरच्या माणसाले धरून देते काय?"

"आता साहेब पुन्हा येणार आहेत. सरळ सांगायचं, पाकिस्तानचा आहे."

"मी नाई म्हणत. पाप लागते."

"म्हणावं लागीन."

"'तिकडचे' म्हणतो."

"तिकडचे म्हणजे? दिग्रसचे?"

"सिंधचे म्हणतो ना, भाऊ."

"साहेबाले वाटीन, सिंधखेडचे. पाकिस्तान म्हण."

"एकडाव म्हणतो. दुसऱ्यांदा विचारलं तं म्हणणार नाई."

"दोनदा. आणि जोरात."

आयुष्यभर भाव पाडत आलो, पण एका शब्दासाठी इतकी घासाघीस कधी केली नव्हती. सखूबाई लवकर तयार झाली, पण तिची अट अशी की पाकिस्तानी म्हटल्यावर लगेच "पण लय चांगला माणूस" म्हणू द्यायचं. दिलं.

रशीदभाई मात्र तुटेना. मी आवाज चढवला, तर त्यानं पाना खाली ठेवला आणि म्हणाला, "गजूभाऊ, आप जाओ. ये मुझसे नहीं होगा." मग टेकचंदच गेला. मी गॅरेजच्या दाराशी उभा होतो.

रशीदभाई म्हणाला, "सेठ, हा शब्द माह्या पोराले शाळेत म्हणतात. मॅच हरली तरी म्हणतात, जिंकली तरी म्हणतात. मले गिऱ्हाईक म्हणते, बिल जास्त झालं का. तो मी माह्या तोंडानं तुमाले म्हणू?"

टेकचंद म्हणाला, "तुमको बोलते हैं वो झूठ है, रशीदभाई. मुझ पे तो सच है. सच बोलने में क्या?"

"लेकिन बोलूंगा तो मैं ना."

"हाँ. इसलिए तो आया हूँ. तुम्हारी बात वो मानेंगे."

रशीदभाईनं हातांचं ऑइल चिंधीला पुसलं. पुसतच राहिला. हात स्वच्छ झाले तरी पुसत होता. टेकचंद जमिनीवर पडलेल्या टायरवर बसला होता, त्याच्याही टोकावर. शेवटी रशीदभाईनं विचारलं, "साहेब कब आने वाले?"

साहेब आले. या वेळी सगळ्यांना एका जागी, टेकचंदच्या दुकानात बसवलं. मी नीळकंठला इतकं घोकून घेतलं होतं की साहेबांनी "बोला" म्हणताच तो उभा राहून ओरडला, "पाकिस्तानी, साहेब! कट्टर पाकिस्तानी!"

साहेबांचा पेन थांबला. माझ्या हातात दोराचं भेंडोळं असतं तर नीळकंठ आज पान लावायला उरला नसता. "कट्टर म्हणजे," तो घाम पुसत म्हणाला, "म्हणजे पक्का. म्हणजे तिथलाच. तसा गरीब आहे." सखूबाईनं आपली अट पुरी केली. साहेब म्हणाले, "मागच्या वेळी तर यांच्या आईनं तुम्हाला ओवाळलं म्हणाला होतात." ती म्हणाली, "साहेब, मी घाबरली होती. तुमी गाडीत घालून न्यायले आले असं वाटलं." साहेबांनी तेही लिहून घेतलं.

मग रशीदभाई उभा राहिला. कोणाकडे न पाहता सावकाश बोलला. "साहेब, शाळेचं मी खोटं बोललो. हे पाकिस्तान से आए. आए तब गर्मी थी. मेरे गॅरेज के सामने ट्रंक रखी और पानी माँगा. मैंने पूछा, कहाँ से? बोले, पाकिस्तान से. मैंने कहा, धीरे बोलो."

साहेबांनी ते सगळं लिहिलं. "धीरे बोलो"सुद्धा लिहिलं की नाही, ते मला दिसलं नाही. मग त्यांनी सवयीनं विचारलं, "साक्षीदाराचं ओळखपत्र?"

मी आणि नीळकंठ खिसे चाचपू लागलो. रशीदभाई समोर गॅरेजमध्ये गेला आणि प्लास्टिकची पिशवी घेऊन आला. त्यात त्याचं, बापाचं, आजोबांचं सगळं होतं. जमिनीचा उतारा, शाळेचा दाखला, आजोबांचं जुनं मतदार यादीतलं नाव, प्रत्येकाला पारदर्शक कव्हर. साहेब म्हणाले, "अहो, एक आधार पुरे." रशीदभाई म्हणाला, "सब देख लो साहब, निकाला ही है तो." टेकचंद खाली मान घालून कापडाची घडी करत होता. आधीच घडी केलेल्या कापडाची.

वर मी लिहिलं की गल्लीत एकाच माणसाकडे सगळे कागद होते. चुकलं. दोघांकडे होते. दुसऱ्याला मात्र कोणी अर्ज करायला सांगितलेलं नव्हतं.

बाकी गोष्ट सरळ झाली. खुलासा मान्य झाला. यथावकाश टेकचंदला बोलावणं आलं, त्यानं उभं राहून शपथ घेतली आणि प्रमाणपत्र मिळालं. गावात फलक लागले. फलकावर आजी, माजी आणि इच्छुक अशा सगळ्यांचे हसरे फोटो, खाली कोपऱ्यात टपाल तिकिटाएवढा टेकचंद. ज्यांना तो गावात राहतो हे माहीत नव्हतं, त्यांच्या अथक प्रयत्नांना यश आलं होतं. शाल झाली, नारळ झाला, भाषणं झाली. टेकचंदला दोन शब्द बोलायला सांगितले. तो "मेहरबानी" म्हणाला आणि बसला. तेवढे त्याचे दोन शब्दही झाले नाहीत.

त्या आठवड्यात भाभींनी शिरा केला. मी विचारलं, "आज काय मिळालं?" त्या म्हणाल्या, "कुछ नहीं मिला, भैया. खाओ."

आणि पुढच्या महिन्यात टेकचंद माझ्या दुकानात येऊन म्हणाला, "गजूभाऊ, मैं जा रहा हूँ."

"कुठं? यवतमाळले?"

"रायपूर. बहन के पास. वहाँ दुकान देखी है."

"परत कधी?"

त्यानं नकारार्थी मान हलवली. मग मला कळलं. माझी तक्रार ती हीच. या माणसासाठी मी वकिलाचं टेबल फोडायला निघालो. नीळकंठचा गळा धरला. रशीदभाईला नको तो शब्द बोलावा लागला. अख्ख्या गल्लीनं आधी खोटं आणि मग खरं बोलून तोंडघशी पडून घेतलं. कशासाठी? हा आमचा व्हावा म्हणून. आणि कागद हातात पडताच निघाला! मी बोललो, फार बोललो. "पंचवीस वर्षं 'मौसम अच्छा है, मौसम अच्छा है' म्हणत होते! ते का खोटं होतं? सगळं साहेबाले दाखवायले होतं काय?"

"मौसम अच्छा ही है."

"मंग जाता कायले?"

"गजूभाऊ, ये गाँव अच्छा है. लेकिन मैंने चुना नहीं. उन्होंने लिखा, यहाँ रहो, मैं रहा. कोई पूछता, तो शायद यहीं बोलता. पर किसी ने पूछा नहीं. अब एक बार खुद को पूछ के देखना है."

मग मी भाव पाडायला बसलो. मी म्हटलं, "बरं. पोळ्यापर्यंत राहा."

"अगले हफ्ते."

"पोळा नाही, तं निदान नागपंचमी."

तो हसला. तसाच, पहिल्या दिवशीसारखा. मी म्हटलं, "सेठ, आता तरी भाव सोडा. तुमाले कोणी विचारणार नाही, मागच्या वेळी काय बोलले होते म्हणून." तो म्हणाला, "ठीक है. दस दिन बढ़ा देता हूँ." जन्मात पहिल्यांदा त्यानं सांगितलेली गोष्ट बदलली. मी जिंकलो. असा फालतू सौदा मी दुसरा केलेला नाही.

ते दिवसही गेले. टेम्पो आला. कापडाचे गठ्ठे, कपाट, भाभींचं देवघर. पाऊस लागेल म्हणून वर ताडपत्री मी स्वतः बांधली, गाठी माझ्या हाताच्या. रशीदभाईनं टेम्पोच्या चाकांत हवा बघितली, ड्रायव्हरला दोन शिव्या दिल्या आणि गॅरेजमध्ये निघून गेला. भेटला नाही. टेकचंद गॅरेजच्या दारापर्यंत गेला, आत गेला नाही. बाहेरूनच काहीतरी बोलला. आतून पाना आपटल्याचा आवाज आला, मग दोघंही हसले.

नीळकंठनं पानं बांधून दिली. सखूबाईनं भाभींना खरोखर ओवाळलं. मी ओट्यावरून उठलो नाही. मला वाटलं, हा येईल, मेहरबानी म्हणेल, मग मी त्याला ऐकवीन. तो आला. मेहरबानी म्हणाला नाही. माझा हात दोन्ही हातांत धरला आणि सोडला.

टेम्पोत ड्रायव्हरशेजारी भाभी, त्यांच्या पलीकडे खिडकीशी तो. बसला तो पाठ टेकवून, पाय पसरून. टेम्पो गल्लीतून वळून मोठ्या रस्त्याला लागताना गुरं आडवी आली म्हणून थोडा थांबला. मी ओट्यावरून उतरून तिथवर गेलो होतो, नुसता, गाठी पाहायला. मागे वळून बघेल म्हणून वाट पाहिली. त्यानं बघितलं नाही. तो ड्रायव्हरला विचारत होता, हा रस्ता रायपूरच्या पुढे कुठं जातो. ड्रायव्हर गुरांवर हॉर्न वाजवत एकेक गाव सांगत होता. प्रत्येक गावाच्या नावावर टेकचंद मान हलवायचा आणि पुढे झुकून म्हणायचा, "और उसके आगे?"